गृहशिक्षण सुरू करण्यापूर्वी: वाढीचे आकडे, परिणामांचे पुरावे आणि पहिल्या वर्षाची आखणी

मुलाला शाळेत न पाठवता घरीच शिकवावे, असा विचार ज्यांच्या मनात पहिल्यांदा येतो त्यांचे दोन प्रश्न बहुधा ठरलेले असतात. असे करणारे लोक किती आहेत, आणि त्यांच्या मुलांचे पुढे काय होते? दोन्ही प्रश्न रास्त आहेत आणि दोन्हींवर बरीच माहितीही उपलब्ध आहे. पण ती माहिती ज्या तऱ्हेने नवख्या पालकांपुढे मांडली जाते, त्यामुळे काहीजण हुरळून घाईने निर्णय घेतात, तर काहीजण घाबरून चांगला निर्णय टाळतात. मी स्वतः काही वर्षे माझ्या मुलांना घरी शिकवले आहे. त्या अनुभवावरून आणि वाचलेल्या अभ्यासांवरून माझे मत असे झाले आहे की गृहशिक्षणाचा असा एक ठरावीक परिणाम नसतो. घरात रोज नेमके काय होते, कोण वेळ देते आणि प्रगती कोण तपासते, यांवर तो अवलंबून असतो. त्यामुळे आधी आकडे कसे वाचायचे ते पाहू आणि मग कामाला लागू.

पहिली पायरी: वाढ समजून घ्या, पण तिला पुरावा मानू नका

आधुनिक गृहशिक्षणाची चळवळ मुख्यतः अमेरिकेत आकाराला आली. शिक्षक म्हणून काम केलेले जॉन होल्ट यांनी १९७७ मध्ये शाळेविना शिकणाऱ्या मुलांच्या पालकांसाठी एक नियतकालिक सुरू केले आणि ‘अनस्कूलिंग’ (ठरीव अभ्यासक्रमाऐवजी मुलाच्या कुतूहलाच्या मागे जाणारे शिक्षण) हा शब्द रूढ केला. त्याच काळात रेमंड आणि डोरोथी मूर हे दांपत्य लहान मुलांना औपचारिक शिक्षणात लवकर ढकलू नये असे सांगत होते, आणि त्यांचे म्हणणे धार्मिक वृत्तीच्या कुटुंबांना विशेष पटले. म्हणजे सुरुवातीपासूनच या वाटेवर दोन अगदी वेगळ्या विचारांची माणसे होती: शाळेची चौकट मुलाचे कुतूहल मारते असे मानणारी, आणि शाळेतील वातावरण आपल्या मूल्यांना धरून नाही असे मानणारी. १९९३ पर्यंत अमेरिकेच्या सर्व ५० राज्यांत गृहशिक्षणाला कायदेशीर मान्यता मिळाली होती.

अमेरिकेच्या शिक्षण खात्याच्या पाहणीनुसार १९९९ मध्ये सुमारे साडेआठ लाख मुले, म्हणजे शालेय वयाच्या मुलांपैकी १.७ टक्के, घरी शिकत होती. २०१२ मध्ये हा आकडा सुमारे १८ लाखांवर, म्हणजे ३.४ टक्क्यांवर गेला, आणि २०१९ मध्ये तो पुन्हा सुमारे १५ लाखांवर, २.८ टक्क्यांवर आला. वाढ सतत वरच जात राहिली, असे जे सर्रास सांगितले जाते ते या आकड्यांत दिसत नाही. खरी उसळी महासाथीत आली. अमेरिकेच्या जनगणना विभागाने २०२० च्या वसंतात विचारले तेव्हा शालेय वयाची मुले असलेल्या ५.४ टक्के कुटुंबांनी आपण गृहशिक्षण देत असल्याचे सांगितले. त्याच वर्षीच्या शरद ऋतूत हे प्रमाण ११.१ टक्के झाले. कृष्णवर्णीय कुटुंबांत ते ३.३ टक्क्यांवरून १६.१ टक्क्यांवर गेले, आणि गृहशिक्षण हे केवळ एका विशिष्ट वर्गाचे आहे ही समजूत तेव्हापासून मागे पडली. इंग्लंडमध्ये सरकारी अंदाजानुसार २०२२ च्या शरद ऋतूत सुमारे ८०,९००, २०२३ मध्ये ९२,००० आणि २०२४ मध्ये १,११,७०० मुले घरी शिकत होती. तेथील नोंदींत मुलाचे मानसिक आरोग्य हे कारण वारंवार आढळते, आणि ते मला फार बोलके वाटते, कारण अशा कुटुंबांपैकी अनेकांनी हा मार्ग हौसेने निवडलेला नसतो. शाळेत मुलाचा टिकाव लागेना म्हणून ते इकडे वळलेले असतात.

हे आकडे वाचताना दोन खबरदाऱ्या घ्याव्यात. पहिली म्हणजे कोणाला मोजले आहे ते पाहावे. शाळेत नाव असलेले आणि संगणकावरून शाळेचाच वर्ग करणारे मूल म्हणजे गृहशिक्षण घेणारे मूल नव्हे, आणि २०२० मध्ये हा गोंधळ इतका होता की जनगणना विभागाला पुढच्या फेरीत प्रश्नाची शब्दरचना अधिक स्पष्ट करावी लागली. दुसरी म्हणजे ठरावीक दिवशी किती मुले घरी शिकत होती एवढेच असा आकडा सांगतो. त्यांतली किती मुले वर्षभराने शाळेत परतली, हे त्यात दिसत नाही. पुष्कळ लोक करतात म्हणजे चांगलेच असणार, असा निष्कर्ष या आकड्यांतून काढता येत नाही.

दुसरी पायरी: परिणामांचे अभ्यास नीट वाचा

इथे थोडे थांबायला हवे, कारण नवख्या पालकांची सर्वाधिक दिशाभूल याच ठिकाणी होते. गृहशिक्षणाच्या बाजूने सर्वांत जास्त वेळा सांगितला जाणारा अभ्यास लॉरेन्स रूडनर यांचा, १९९९ मधला आहे. त्यात २०,७६० विद्यार्थ्यांचे गुण तपासले गेले आणि घरी शिकणाऱ्या मुलांचे मध्यक गुण (गुण क्रमाने लावले असता मधोमध येणारे) साधारण ७० ते ८० पर्सेंटाइलच्या दरम्यान, म्हणजे देशातील शंभरातल्या सत्तर-ऐंशी मुलांच्या पुढे आणि राष्ट्रीय मध्यकाच्या बरेच वर, आढळले. ब्रायन रे यांच्या पुढील दशकातील मोठ्या अभ्यासात, ज्यात ११,७३९ विद्यार्थी होते, गुण त्याहूनही वरचे निघाले. हे आकडे खोटे नाहीत. प्रश्न आहे तो ते कोणाचे आहेत, हा. दोन्ही अभ्यासांत सहभागी झालेली कुटुंबे स्वतःहून पुढे आलेली होती, त्यांतील पालक सरासरीपेक्षा अधिक शिकलेले होते आणि परीक्षा बहुतेक वेळा घरीच, पालकांच्या देखरेखीखाली झालेली होती. ज्या घरात शिक्षणाची घडी बसलेली नाही ते घर अशा पाहणीत सहसा नाव देत नाही. स्वतः रूडनर यांनीही आपला अभ्यास गृहशिक्षण शाळेपेक्षा श्रेष्ठ असल्याचे सिद्ध करत नाही असे स्पष्ट लिहिले होते; त्यांचे आकडे मात्र सगळीकडे पोहोचले आणि हे वाक्य मागे राहिले.

मला व्यक्तिशः सर्वांत उपयोगी वाटलेला अभ्यास आकाराने फार लहान आहे. कॅनडात सँड्रा मार्टिन-चांग आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०११ मध्ये ५ ते १० वयोगटातील घरी शिकणाऱ्या ३७ मुलांची शाळेतील तितक्याच मुलांशी तुलना केली, आणि चाचण्या पालकांनी न घेता संशोधकांनी घेतल्या. ज्या घरांत पाठ ठरलेले होते आणि शिकवण्याला क्रम होता, तेथील मुलांचे गुण शाळेतील मुलांपेक्षा बरे आले. पण ज्या १२ मुलांच्या शिक्षणाला अशी चौकट नव्हती त्यांचे गुण तुलनेने कमी आले. बारा मुलांवरून कोणताही सिद्धान्त मांडता येत नाही, हे खरे. तरीही गृहशिक्षण या एका नावाखाली दोन अगदी निरनिराळ्या गोष्टी चालतात, आणि त्यांची सरासरी काढून हाती काही लागत नाही, ही गोष्ट या छोट्या अभ्यासाने मला पहिल्यांदा नीट दाखवून दिली.

रॉबर्ट कुंझमन आणि मिल्टन गेथर यांनी २०१३ मध्ये तोवरच्या संशोधनाचा मोठा आढावा घेतला आणि पुढे २०२० मध्ये तो अद्ययावत केला. पालकांचे शिक्षण आणि घरची परिस्थिती लक्षात घेतल्यावर गृहशिक्षणाचा म्हणून जो परिणाम उरतो तो बराच लहान होतो, आणि जो उरतो त्यातही एक ठळक नमुना दिसतो: वाचन आणि भाषा यांत घरी शिकणारी मुले सहसा पुढे असतात, तर गणितात ती मागे पडण्याची शक्यता असते. २००७ मध्ये बसमत काकिश यांनी अमेरिकेतील महाविद्यालय प्रवेशाच्या एका प्रचलित परीक्षेतील गणिताच्या उत्तरांचा अभ्यास केला होता आणि त्यांनाही शाळेतील मुले किंचित सरस आढळली होती. महाविद्यालयात पोहोचलेली मुले मात्र तिथे चांगली टिकतात असे दिसते. मायकेल कोगन यांच्या २०१० च्या, एकाच विद्यापीठापुरत्या अभ्यासात त्यांचे पहिल्या वर्षाचे गुण इतरांपेक्षा बरे होते. पण ही पोहोचलेल्यांची गोष्ट झाली, आणि जी मुले महाविद्यालयापर्यंत गेलीच नाहीत ती या हिशेबात येत नाहीत.

या सगळ्यातून नव्या पालकाने घ्यायचे ते एवढेच की भाषा बहुधा सांभाळली जाईल, गणितासाठी मुद्दाम व्यवस्था करावी लागेल, आणि चौकट असावी लागेल.

तिसरी पायरी: कायदा पाहा

शाळेतून नाव काढण्याआधी हे काम पुरे करावे, कारण देशोदेशीचे नियम टोकाचे भिन्न आहेत. जर्मनीत शाळेत प्रत्यक्ष हजर राहणे सक्तीचे आहे आणि २०१९ मध्ये युरोपीय मानवी हक्क न्यायालयाने, घरी शिकवणाऱ्या एका कुटुंबाची मुले काही काळ ताब्यात घेण्याच्या तेथील कारवाईत हक्कभंग झाला नसल्याचा निर्णय दिला. स्वीडनमध्ये केवळ अपवादात्मक परिस्थितीत परवानगी मिळते. फ्रान्समध्ये पूर्वी फक्त कळवावे लागे. सप्टेंबर २०२२ पासून पूर्वपरवानगी लागते. इंग्लंडच्या १९९६ च्या कायद्यात मुलाला त्याच्या वयाला आणि कुवतीला साजेसे पूर्णवेळ शिक्षण शाळेत ‘किंवा अन्य प्रकारे’ देण्याचे कर्तव्य पालकांवर आहे, आणि तेथील सगळे गृहशिक्षण या ‘अन्य प्रकारे’ या दोन शब्दांवर उभे आहे.

एकाच देशातही फरक असतो. टेक्सासमध्ये पालकांना सरकारला काही कळवावे लागत नाही. न्यूयॉर्क राज्यात मात्र वर्षाची लेखी योजना, दर तिमाहीचा अहवाल आणि वार्षिक मूल्यमापन द्यावे लागते. मी पालकांना नेहमी सांगते की तुमच्याकडे नियम सैल असले तरी न्यूयॉर्कचा कडक आराखडा स्वतःहून पाळावा. योजना, तिमाही नोंद आणि बाहेरची तपासणी या तीन गोष्टी मुलाच्या हिताच्याच आहेत, आणि पुढे कोणी विचारणा केली तर कागद हाताशी असतात.

चौथी पायरी: कारण कागदावर लिहा

दोन्ही पालकांनी वेगवेगळ्या कागदांवर, एकमेकांचे न पाहता, आपण हे का करू इच्छितो ते लिहावे. मूल आठ-नऊ वर्षांचे असेल तर त्यालाही विचारावे आणि त्याचे उत्तर त्याच्याच शब्दांत टिपून ठेवावे. अनेकदा असे दिसते की एकाचे कारण शाळेतील त्रास हे असते आणि दुसऱ्याचे कारण अभ्यासक्रमाबद्दलची नाराजी हे असते. त्रास हे कारण असेल तर शाळा बदलणे हाही उपाय असू शकतो, आणि तो आधी तपासून पाहणे शहाणपणाचे आहे.

त्याच कागदावर दुसरा प्रश्न लिहावा: रोज शिकवायला कोण बसणार? ‘आम्ही दोघे मिळून’ हे उत्तर पुरेसे नाही. कोणत्या वेळी कोण, तो आजारी पडला तर कोण, आणि त्यामुळे ज्याचे कामाचे तास कमी होतील त्याच्या मिळकतीची भरपाई कशी होणार, हे आकड्यांत लिहावे. माझ्या पाहण्यातली जी घरे वर्षभरात थकून गेली त्यांच्यात इच्छेची कमतरता कधीच नव्हती. सगळा भार एकाच माणसावर पडला होता आणि ते कोणी आधी बोलून ठरवले नव्हते.

पाचवी पायरी: आज मूल कुठे आहे ते मोजा

शाळा सुटल्यानंतरचे पहिले काही आठवडे मुलाला थोडे मोकळे सोडावे, विशेषतः ते शाळेत दुखावलेले असेल तर. पण या मोकळ्या दिवसांची मुदत आधीच ठरवावी. नाहीतर आठवड्यांचे महिने होतात.

या काळात एक काम करून घ्यावे. मुलाकडून एक पान मोठ्याने वाचून घ्यावे आणि त्याचा आवाज फोनवर ध्वनिमुद्रित करावा. न सांगता, न सुधारता एक परिच्छेद लिहून घ्यावा. मागच्या इयत्तेच्या गणिताच्या पुस्तकातून वीस उदाहरणे निवडून ती त्याने एकट्याने सोडवावीत. या सर्वांवर तारीख घालून ते पाकिटात बंद करून ठेवावे. त्यावर गुण देण्याची किंवा मुलाला चुका दाखवण्याची गरज नाही.

सहावी पायरी: दिवसाची घडी बसवा

शाळेचे सहा-सात तास घरात जसेच्या तसे आणण्याचा मोह टाळावा. एका मुलाला समोर बसवून शिकवताना प्राथमिक वयात दोन-तीन तासांची एकाग्र बैठक पुष्कळ होते. उरलेला वेळ वाचन, हाताने करण्याची कामे, खेळ आणि मुलाच्या स्वतःच्या उद्योगांसाठी असू द्यावा. पण ती दोन-तीन तासांची बैठक रोजच्या रोज, ठरल्या वेळीच व्हायला हवी, आणि तिची सुरुवात गणिताने करावी.

गणित आधी का, याचे उत्तर मी आमच्या पहिल्या वर्षात शिकले. माझ्या मुलीला वाचनाची फार गोडी होती, म्हणून आम्ही सकाळ पुस्तकाने सुरू करत असू आणि गणित दुपारी घेऊ असे ठरवत असू. दुपारी कधी पाहुणे येत, कधी ती दमलेली असे, कधी मीच दमलेली असे. चार महिन्यांनी तिच्या वहीत एक तृतीयांश अधिक एक चतुर्थांश यांची बेरीज दोन सप्तमांश अशी लिहिलेली दिसली. तिने अंशात अंश आणि छेदात छेद मिळवले होते. चूक नेहमीची आहे. पण ती तिच्या वहीत सलग तीन पाने होती आणि मी ती पाने पाहिलेलीच नव्हती.

मग आम्ही बारा सेंटिमीटर लांबीची कागदाची एक पट्टी कापली. तिचा एक तृतीयांश भाग म्हणजे चार सेंटिमीटर, तो तिने निळा रंगवला. एक चतुर्थांश म्हणजे तीन सेंटिमीटर, तो पिवळा. मग मी तिला त्याच पट्टीचे दोन सप्तमांश किती होतात ते काढायला सांगितले. ते जेमतेम साडेतीन सेंटिमीटर भरले. निळ्यात पिवळा मिळवूनही उत्तर नुसत्या निळ्यापेक्षा लहान कसे, हे तिचे तिलाच खटकले, आणि बारापैकी सात हे उत्तर तिने पट्टीवर बोट ठेवून सांगितले. छेद समान का करायचा, हे मला वेगळे समजवावे लागले नाही. या पट्टीला वीस मिनिटे लागली. वर्गात तीस-चाळीस मुलांसमोर एखाद्या चांगल्या शिक्षकालाही अशी वीस मिनिटे एकाच मुलासाठी काढता येत नाहीत, आणि घरी शिकवण्याचे खरे बळ मला यातच दिसते. पण ही वीस मिनिटे मिळतात ती कोणीतरी रोज वही उघडून पाहिली तरच.

म्हणून नियम साधे ठेवावेत. गणित सकाळी पहिले. वही त्याच दिवशी तपासायची. आठवड्यातून एक दिवस नवीन काही न शिकवता फक्त उजळणी. एखादा घटक स्वतः पालकालाच नीट येत नसेल तर ते मान्य करून त्या विषयापुरता शिकवणारा शोधावा. माध्यमिक वयात बीजगणित आणि विज्ञानाचे प्रयोग यांसाठी ही गरज बहुतेक घरांत येते. अनस्कूलिंगची वाट निवडणाऱ्यांनाही माझे सांगणे असे की विषय मुलाने निवडावेत, पण वाचन आणि अंकगणित नशिबावर सोडू नयेत.

सातवी पायरी: घराबाहेरची माणसे

मुलाला मित्र मिळतील का, हा प्रश्न नातेवाईक पहिल्याच दिवशी विचारतात. ठरवून प्रयत्न केल्यास मिळतात. आपोआप मिळत नाहीत. खेळाचा संघ, गायन-वादनाचा वर्ग, ग्रंथालयातील उपक्रम, घरी शिकणाऱ्या इतर कुटुंबांचा गट, यांपैकी किमान दोन ठिकाणी मूल दर आठवड्याला त्याच त्याच मुलांना भेटेल असे पाहावे, कारण मैत्री वारंवार भेटण्यातून होते आणि एकेका दिवसाच्या सहलींतून ती जुळत नाही.

याला आणखी एक बाजू आहे, जिच्याबद्दल गृहशिक्षण करणारे आम्ही लोक पुरेसे बोलत नाही. शाळेत मुलाला रोज घराबाहेरची मोठी माणसे पाहत असतात. त्याला काही त्रास असेल, दिसण्या-ऐकण्यात अडचण असेल, घरात काही बिघडले असेल, तर ते त्यांच्या लक्षात येण्याची शक्यता असते. घरी शिकणाऱ्या मुलासाठी ही सोय आपणच करायची असते. पालकांखेरीज किमान दोन विश्वासू मोठ्या माणसांशी मुलाचे नियमित बोलणे असावे, आणि डोळे, कान व दात यांची तपासणी ठरल्या वेळी व्हावी.

आठवी पायरी: नोंदी आणि पुढच्या परीक्षा

दर आठवड्याला अर्धे पान पुरते: काय शिकलो, कोणती पुस्तके वाचली, काय अडले. दर तिमाहीला प्रत्येक विषयातील एक लिखित नमुना जपावा. मूल बारा-तेरा वर्षांचे झाले की शालान्त परीक्षा कोणत्या मार्गाने देणार हे ठरवून घ्यावे. शाळेत नाव नसलेल्या विद्यार्थ्यांची परीक्षा घेणारी मंडळे अनेक देशांत आहेत, पण प्रत्येकाची वयाची अट, नोंदणीची मुदत आणि प्रात्यक्षिकांचे नियम निराळे असतात, आणि विज्ञानाच्या प्रात्यक्षिकांसाठी केंद्र मिळवणे हेच अनेकदा सर्वांत अवघड ठरते. ज्या विद्यापीठांत मुलाला जाण्याची इच्छा होईल असे वाटते, त्यांच्या प्रवेशाच्या अटी त्याच वेळी वाचाव्यात.

वर्षातून एकदा घराबाहेरच्या व्यक्तीकडून चाचणी घ्यावी, आणि ती घेताना आपण खोलीत नसावे. पालक नकळत डोळ्यांनी उत्तर सुचवतात. मी सुचवले आहे.

वर्ष संपताना ते पाकीट उघडावे. तेच पान मोठ्याने वाचून घ्यावे, तसाच परिच्छेद लिहून घ्यावा, तीच वीस उदाहरणे पुन्हा सोडवून घ्यावीत आणि दोन्ही कागद टेबलावर शेजारी शेजारी ठेवावेत. सुरुवातीला लिहिलेली कारणेही सोबत काढावीत, कारण शाळेत झालेला त्रास हे कारण असेल तर मूल आता पूर्वीसारखे झोपते का, हसते का, हेही गुणांइतकेच महत्त्वाचे आहे. वाचन पुढे गेले आणि गणित अडले असेल तर कोणाची मदत घ्यायची ते त्याच बैठकीत ठरवावे. दोन्ही जागच्या जागी असतील आणि घरातले माणूस थकलेले असेल, तर शाळेत परतण्याचा अर्ज कधी आणि कसा करायचा याची चौकशी त्याच आठवड्यात करावी. परतणारी मुले पुष्कळ असतात आणि त्यात कोणाचाही पराभव नाही. मुलाला शेजारी बसवून, दोन्ही कागद त्याच्या हातात देऊन त्याला काय वाटते ते विचारावे, आणि निर्णय पुढच्या एका वर्षापुरताच घ्यावा.